कोरा कागद

शूटिंगआधी एक पांढरा कागद लागतो.
समोरच्याच्या हातात द्यायचा,
चेहऱ्याशी धरायला सांगायचा,
आणि कॅमेऱ्याला समजवायचं: बाबा रे,
इथल्या उजेडात पांढरं म्हणजे हे.
बाकीचे रंग मग आपापल्या जागी बसतात.

सव्वीस वर्षं मी हेच केलं.
फिल्म दुसऱ्यांच्या, प्रश्न दुसऱ्यांचे,
निवेदनही पुण्याहून आलेलं, स्वच्छ.
माझा फक्त उजेड.

तो मी तांबट आळीत शिकलो.
बाप हंडा मठारायचा,
ठोक्यागणिक तांब्यावर एक चांदणी,
आणि त्यावरून दुपार सरकायची, ती बघत
मी गणितं विसरायचो.
"माझे कान गेले या आवाजानं," तो म्हणायचा,
"तू डोळे सांभाळ."

आधी लग्नं. पंचवटीतली कार्यालयं,
हॅलोजनखाली घामेजलेले नवरदेव.
मग एका संस्थेचा माणूस आला.
पैसे निम्मे, प्रवास एसटीनं, जेवण मिळेल तिथं.
हो का म्हटलं, अजून सांगता येत नाही.

सातपूरला सुभाष निरभवणेनं कागद धरला
उरलेल्या तीन बोटांनी.
दोन पॉवर प्रेसकडे जमा होती.
"यावर काय लिहून देऊ?" म्हणाला.
सिन्नरला विड्या वळणाऱ्या नरसम्मानं
कागद उलटसुलट केला,
अंगठ्याची जागा शोधली.

पर्वणी उलटल्यावर, पहाटे, रामकुंडापाशी
पुण्य घेऊन माणसं गेलेली, चपला राहिलेल्या.
हिराभाई मारू खराटा ठेवून म्हणाले, थांबा, हात धुतो.
धूतच राहिले.
इकडे माझा कोवळा उजेड निघून चालला,
मी ओरडलो, राहू द्या हो, चालेल!
"पांढरा ठेवायचाय ना कागद?"
त्यांनी मान वर न करताच विचारलं.

आणि पेठकडच्या पाड्यावर देवकी भोये.
"कोराच हाय," ती म्हणाली.
"मागं आल्ते ते बी कोराच घेऊन गेले."
मग तिनं तो असा धरला
की चेहरा पुरता झाकला गेला.
मी फोकस नीट करत राहिलो. दुसरं काय करणार?

एडिटिंगला हे दोन-दोन सेकंद पहिल्यांदा उडतात.
दिल्लीला एका फिल्मला बक्षीस मिळालं.
माझं नाव पडद्यावर आलं तेव्हा
लोक खुर्चीखाली आपापल्या पिशव्या शोधत होते.
मीही शोधली.

आता डाव्या डोळ्यात मोतीबिंदू.
गंगापूर रोडचे डॉक्टर म्हणतात,
तुम्हाला सगळं पिवळट दिसतंय, पत्ता नाही तुम्हाला,
ऑपरेशननंतर कळेल पांढरं काय ते.
मी पुढची तारीख घेऊन येतो. पुन्हा पुढची.

रात्री ते उडवलेले तुकडे जोडतो.
एकोणीस मिनिटं झाली. आवाज नाही, संगीत नाही,
कोणी मागितलेली नाही.
नुसती माणसं, कागद धरून.
कॅमेऱ्याला अजून काही समजावलेलं नाही, त्यामुळे
सातपूरचा कागद ट्यूबलाइटचा निळा,
सिन्नरचा तंबाखूच्या रंगाचा,
रामकुंडाचा राखेसारखा, ओल्या राखेसारखा.
पांढरा एकही नाही.

सगळ्यात जुना तुकडा आळीतला.
नवा कॅमेरा, तपासायला म्हणून बापाला बसवलं होतं.
समोर रचलेले हंडे, कागद तांबूस झालेला,
त्याच्यामागे एक कान, अर्धी मिशी.
मी म्हणतो, झालं, दादा.
त्याला ऐकू येत नाही.
तो धरूनच आहे.